बिरू धनगराचा अंगठा

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, मास्तरांना नाही, आणि जिला सर्वांत आधी सांगायला हवं होतं — तिलाही नाही. मला गोष्टी क्रमाने सांगायची सवय आहे. रोज सकाळी चहा घेता घेता मी दिवसाच्या कामांची यादी करतो. झालेलं काम खोडतो, राहिलेलं दुसऱ्या दिवशीच्या यादीत उतरवतो. वीस वर्षं हे बिनचूक चाललं आहे. पण हे एक सांगायला बसलो की क्रम हातात राहत नाही. आज तिसऱ्यांदा बसलोय. आधीचे दोन्ही कागद फाडले.

मी नेवाशाचा. लढाईच्या दिवसांत धान्याच्या कंट्रोलच्या कचेरीत कारकून होतो. कुठल्या घरात खाणारी तोंडं किती, कुणाला ज्वारी किती, कुणाच्या कार्डावरचं नाव कमी करायचं — दिवसभर याद्या. लोक मला भाऊसाहेब म्हणत. माझ्या कामात चूक सापडत नसे. त्या नीटनेटकेपणानेच माझा घात केला, असं म्हणायचा मोह होतो. पण तसं नाही. जे केलं ते मी केलं.

आमच्या गावात त्या वेळी एक मंडळ होतं. उसवण-विचार मंडळ. नाव विचित्र वाटेल, पण ते काढणारे गोविंदराव मास्तर विचित्र नव्हते. शाळेतून निवृत्त झालेले, दम्याचे रोगी, पांढऱ्या सदऱ्याची कॉलर स्वतः धुणारे. ते म्हणत, हे जग शिवलेलं कापड आहे. शिवण इतकी बारीक की आपल्याला ती जाणवत नाही. पण कधीतरी, कुठेतरी एखादा टाका निसटतो — क्षणभरच. तेवढ्यात जे दिसतं ती उसवण. तिला चमत्कार म्हणायचं नाही, भूत म्हणायचं नाही, देवाची करणी म्हणून हात जोडायचे नाहीत. पाहायचं, आणि पाहिलं तेवढंच लिहायचं.

आणि हे कापड शिवतं कोण? मास्तर म्हणत, आपणच. दोन माणसं एकच गोष्ट वेगवेगळी पाहतात, तेव्हा एक टाका पडतो. एकट्याचं पाहणं म्हणजे सुईत नुसता ओवलेला दोरा. म्हणून एकट्याने पाहिलेली उसवण मंडळात 'एकेरी' म्हणून लागे. दोघांनी, एकमेकांशी न बोलता पाहिली आणि लिहिली, तर 'दुहेरी'. दुहेरी उसवण ही जगाचाच भाग झाली. मग ती कुणाला पटो न पटो.

मला यातलं तत्त्वज्ञान किती कळत होतं? खरं सांगू? फार नाही. मला आवडायचं ते दप्तर. दर रविवारी दुपारी चार वाजता तेलाच्या घाण्यामागच्या खोलीत आम्ही जमायचो, आणि चिटणीस म्हणून दप्तर माझ्याकडे होतं. नियम मीच सुटसुटीत लिहून काढले होते. पाहिलेली गोष्ट पुढच्या जेवणाआधी लिहून द्यायची. दोन साक्षीदारांनी पाकिटं बंद होईपर्यंत एकमेकांशी बोलायचं नाही. ज्याला लिहिता येत नाही त्याचं सांगणं सभासदाने उतरवून घ्यायचं, एकदा वाचून दाखवायचं, अंगठा घ्यायचा, आणि स्वतः हो किंवा नाही काही बोलायचं नाही. तीन मुद्दे जुळले तर दुहेरी. आणि सातवा नियम — नोंद दुहेरी ठरली तर दोन्ही साक्षीदारांना दोन्ही जबाब वाचून दाखवून त्यांची नक्कल द्यायची. हा सातवा नियम माझ्याच डोक्यातून निघालेला. कागद माणसाच्या हातात असावा, असं मला नेहमी वाटत आलं आहे.

वहीत सहा रकाने होते. क्रमांक, ठिकाण, वेळ, पहिला साक्षीदार, दुसरा साक्षीदार, मेळ. घाण्यावरच्या तेल्याने बैलाची सावली बैलाच्या उलट दिशेने फिरताना पाहिली होती — एकेरी. एका शिक्षकाने विहिरीत हाक मारायच्या आधीच विहिरीने ओ दिली — एकेरी. डाळ निवडताना एका बाईला एकच खडा तीनदा सापडला, तिन्ही वेळा तिने तो उंबऱ्याबाहेर टाकलेला — एकेरी. नऊ वर्षं झाली, आणि शेवटचे दोन रकाने वरपासून खालपर्यंत कोरे. कोऱ्या रकान्याकडे मला बघवत नाही. हसू नका, माझा स्वभावच तसा.

गावात आम्हाला शिलाईवाले म्हणत. बाजारातून जाताना कोपऱ्यावरचा शिंपी हटकून विचारायचा, "काय भाऊसाहेब, आज कुठं उसवलं? सुई देऊ का नेवाशाच्या आभाळाला?" आणि त्याच्या दुकानातली चार टाळकी खो खो हसायची. मास्तर थांबून त्याला शांतपणे म्हणत, "तुम्हाला काही दिसलं तर जेवणाआधी या." अकरा सभासदांचे आम्ही चार उरलो होतो.

त्या उन्हाळ्यात एका मंगळवारी, दुपारी बाराच्या सुमारास, माझ्या टेबलापुढे सारजा येऊन उभी राहिली. नदीपलीकडच्या वस्तीवर भावाकडे राहायची. वय बावीस-तेवीस. नवरा रावजी पलटणीत भरती होऊन समुद्रापार गेलेला, आणि दोन महिन्यांपूर्वी त्याच्याबद्दल कागद आला होता — बेपत्ता. तो कागद तिला मीच वाचून दाखवला होता. कार्डावर त्याचं नाव ठेवायचं की काढायचं, हा प्रश्न माझ्याकडे पडून होता. मला वाटलं त्याबद्दलच आली असेल.

ती म्हणाली, "भाऊसाहेब, तुमी लिवून घेता म्हनं. म्या आजून खाल्लं न्हाई काई."

मी कागद घेतला. तिने जे सांगितलं ते मला आजही शब्दन्‌शब्द पाठ आहे. सकाळी भावाला भाकरी द्यायला ती नदीच्या उताराने येत होती. सूर्य समोर. प्रवरेला गुडघाभर पाणी. पलीकडच्या काठावरून रावजी पाण्यात उतरला. अंगावर जाताना घातलेली तीच बंडी, तेच पिवळं पागोटं. चालत आला, पण पाणी हललं नाही. एक लाट उठली नाही त्याच्या पायाशी. मध्यावर आला — आणि नव्हता. ती धावत घाटावर आली. कोरड्या फरशीवर ओली पावलं होती, पाण्यातून वर येणारी.

"नऊ. मोजली म्यां. नवव्या पावलाच्या म्होरं काईच न्हाई. बगता बगता वाळली."

मोजली! कुणीही रडलं असतं, किंचाळलं असतं. हिने मोजली. त्या क्षणी मला तिच्याबद्दल फार आदर वाटला, हे मुद्दाम सांगतो, म्हणजे पुढचं ऐकताना तुम्ही माझ्याबद्दल चुकीची समजूत करून घेणार नाही. मी तिला ओळखत होतो. तिची किंमत मला कळत होती. आणि तरीही.

नियमाप्रमाणे मी एकदा वाचून दाखवलं, अंगठा घेतला, पाकीट बंद केलं. काही बोललो नाही. ती जाता जाता एवढंच म्हणाली, "मेलेल्या मानसाचं पाऊल वलं नसतंय."

त्याच आठवड्यात मास्तरांचा दमा वाढला. शुक्रवारी मी भेटायला गेलो तर म्हणाले, "भाऊ, या रविवारी दप्तर बांधून टाकू. नऊ वर्षांत एक टाका पडला नाही. बहुतेक माझंच गणित चुकलं." ते हसले, पण ते हसणं मला घरापर्यंत पुरलं नाही.

आता मुद्द्यावर येतो. येतो म्हणता म्हणता तीनदा खिडकीपाशी जाऊन आलो.

शनिवारी कचेरी अर्धी असे. दुपारी सगळे गेल्यावर मी टेबल आवरलं. शाईचं पॅड समोर होतं, दिवसभर लोकांचे अंगठे घ्यायचं. त्या आठवड्यात नदीच्या अलीकडच्या रानात धनगरांचा तळ होता आणि गुरुवारीच तो मेंढरं घेऊन पुढे गेला होता. हे मला आठवलं. की हे मला हवं होतं म्हणून आठवलं? मी एक कोरा कागद घेतला आणि त्यावर लिहिलं — साक्षीदार बिरू धनगर, वय अंदाजे चाळीस, राहणार फिरस्ता. बिरू हे नाव का? कारण धनगरांच्या प्रत्येक तळावर एक तरी बिरू असतोच. शोधायला गेलं तर सगळे सापडतील आणि कुणीच सापडणार नाही. हा विचार मी केला. तेवढा वेळ मला होता.

मग त्या नसलेल्या माणसाकडून मी सगळं वदवून घेतलं. मेंढरांना पाणी पाजत होतो, एक माणूस पाण्यात उतरला, पाणी हललं नाही, मध्यावर नाहीसा झाला, घाटावर ओली पावलं. तीन मुद्दे जुळले. बाकीचे मी जाणूनबुजून थोडे वेगळे ठेवले. पावलं नऊ नाही, 'सात-आठ'. पागोटं पिवळं नाही, 'मळकट'. सगळंच जुळलं असतं तर मास्तरांना संशय आला असता. खोटं बोलताना माणूस घाबरतो, चुकतो — मी चुकलो नाही. ते मी इतर कामांसारखंच व्यवस्थित केलं. मग डावा अंगठा पॅडवर टेकवला आणि कागदावर उठवला. माझ्या डाव्या अंगठ्यावर चाकूचा जुना आडवा वण आहे. तोही उठला, स्पष्ट.

तारीख मंगळवारची घातली. पाकीट बंद केलं. घरी जाऊन जेवलो. झोपही लागली.

रविवारी मास्तरांनी दोन्ही पाकिटं फोडली. आधी सारजाचा कागद वाचला, मग दुसरा. मग पहिला पुन्हा. त्यांनी चष्मा काढला, पुसला, लावला, पुन्हा काढला. खोलीत घाण्याची करकर ऐकू येत होती. ते म्हणाले, "भाऊ, जमलं." आणि माझा हात धरला. मी त्या क्षणी सांगितलं असतं तर? चार माणसं होती फक्त. पण त्यांनी वही माझ्यापुढे सरकवली, आणि मी सहाव्या रकान्यात पहिल्यांदा 'मेळ' असा शब्द लिहिला. नऊ वर्षांनी. अक्षर चांगलं आलं.

मग ते म्हणाले, "तिला बोलवा. नक्कल द्यायची."

माझ्याच सातव्या नियमाचा मला विसर पडला होता. मी तो कागद वहीसाठी केला होता. मास्तरांसाठी, कोऱ्या रकान्यासाठी. तो कागद घेऊन कुणी जगू लागेल, हे माझ्या ध्यानातच आलं नाही. ध्यानात आलं असतं तर थांबलो असतो का? माहीत नाही. हो म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

पुढच्या रविवारी सारजा भावाला घेऊन आली. तोवर वस्तीवर बोभाटा झालेला. भावजय तिला तोंडावर येडी म्हणायला लागली होती, पाण्यावर एकटी सोडत नव्हती. मास्तरांनी दोन्ही जबाब वाचले. बिरूचा तिने दोनदा वाचायला लावला. मग पदर तोंडाशी नेला आणि म्हणाली, "म्हंजी म्या येडी न्हाई."

मास्तर म्हणाले, "नाहीस, बाळ."

तिचा भाऊ उमाजी मला बाहेर घेऊन गेला. साधा माणूस. हातातलं मुंडासं गुंडाळत, सोडत बोलत होता. घोडेगावच्या बैलबाजारात त्याची मिरजगावच्या एका शेतकऱ्याशी ओळख झाली होती. बायको वारलेली, एक लहान मुलगी, स्वभावाने गरीब. वर्षभराने सारजाचा पाट लावून द्यायचं उमाजीच्या मनात होतं. त्यांच्यात विधवेचा पाट लागतो, त्यात कमीपणा नाही. "पर आता ती आयकायची न्हाई, भाऊसाहेब. त्यो जित्ता हाय म्हनती. मी काय म्हनतो — त्यो धनगर खरं बोल्ला आसंल का?"

सरळ प्रश्न होता. इतका सरळ प्रश्न मला आयुष्यात दुसऱ्या कुणी विचारला नाही. आम्ही दोघंच होतो. 'नाही' हा एक शब्द होता.

मी म्हणालो, "मंडळाच्या दप्तरात खोटं येत नाही."

उमाजीने मान डोलावली. मुंडासं डोक्याला बांधलं. "मंग झालं," म्हणाला.

मास्तर त्यानंतर चार महिने होते. ती नोंद ते भिंग घेऊन पुनःपुन्हा बघत. एकदा म्हणाले, "या बिरूच्या अंगठ्यावर वण आहे, भाऊ. बघितलंस?" मी म्हणालो, या लोकांचे हात असेच असतात. ते "हं" म्हणाले. मी त्यांना औषधाचा पेला दिला. त्यांनी तो घेताना माझ्या हाताकडे पाहिलं का? पाहिलं असं मला वाटतं. नंतर वाटतं, नाही. तेव्हापासून मी डावा अंगठा मुठीत धरतो. बायको म्हणते, हे काय लहान मुलासारखं. मास्तर गेले ते समाधानाने गेले. की माझ्याविषयी काही मनात ठेवून गेले? ते आता कोण सांगणार.

ते गेल्यावर तरी सांगायला काय हरकत होती? ज्यांचं मन मोडेल म्हणत होतो ते राहिलेच नव्हते. तेव्हा मला कळलं की मी मास्तरांसाठी गप्प नव्हतो. मी भाऊसाहेब होतो, ज्याच्या याद्यांत चूक नसते. एवढंच जपत होतो.

आणि सारजा शोधायला लागली. दिवाळीनंतर धनगर मेंढरं घेऊन खाली जातात, पावसाआधी परततात. वर्षातून दोनदा ती नक्कल पत्र्याच्या डबीत घालून तळ पालथे घालायची. बिरू आहे का, विचारायची. असायचाच. मग त्याला सगळं सांगायची, तो नाही म्हणायचा. परत जाताना धान्य घ्यायच्या निमित्ताने माझ्याकडे यायची आणि सांगायची. "ह्यो बी न्हाई, भाऊसाहेब. लई म्हातारा हुता." "ह्यो तर पोरगंच निघालं." एकदा हसत म्हणाली, "सतरा बिरू झाले बगा. देवाला दुसरं नाव घावलं न्हाई का?"

मी विचारलं, "भेटून काय करणार आहेस?"

ती म्हणाली, "माझ्या डोळ्यावर ऊन हुतं. तोंड नीट दिसलं न्हाई त्यांचं. त्यो पल्याडच्या अंगाला हुता, त्याला दिसलं आसंल. पान्यात उतरले तवा ते म्होरं माझ्याकडं बगत हुते का वळून मागं — येवढंच इचारायचं."

एवढंच. आणि हे एवढंच मी त्या कागदात लिहिलं नव्हतं. मला सुचलंच नव्हतं.

त्या वर्षांत माझीही मोजदाद बिघडली. कचेरीच्या पायऱ्या सात. एखाद्या दिवशी चढताना आठ व्हायच्या. यादीत सहा कामं लिहिलेली असायची, संध्याकाळी सात खोडलेली दिसायची, आणि सातवं काय होतं ते वाचता येत नसे. मास्तर असते तर म्हणाले असते, जेवणाआधी लिही. मी लिहिलं नाही. माझ्या साक्षीची किंमत मला ठाऊक होती.

लढाई संपली. भरती झालेली माणसं परतली, काहींच्या घरी पक्के कागद आले. रावजीचं काहीच आलं नाही. चौथ्या वर्षी चैत्रात सारजा आली ती वेगळीच दिसली. थकलेली. म्हणाली, मिरजगावचा माणूस अजून थांबला आहे, पण आखितीपर्यंत, म्हणजे अक्षय्य तृतीयेपर्यंत, सांगा म्हणतो. त्याची मुलगी मोठी होत चालली. "ह्या खेपेला बिरू घावला तर घावला, भाऊसाहेब. न्हाई तर मी दादाचं आयकनार. जीव इटला माझा."

मला काय वाटलं सांगू? सुटलो, असं वाटलं. बिरू सापडणारच नव्हता — तो असल्याशिवाय सापडेल कसा? आखिती येईल, ती मिरजगावला जाईल, संसाराला लागेल, मला तोंड उघडायला लागणार नाही. आठवडाभर मी फार हलका होतो. बायकोसाठी लुगडं आणलं.

आखितीच्या तीन दिवस आधी, सकाळी दहा वाजता, सारजा कचेरीत जवळजवळ धावत आली. मागे उमाजी, तोंड पडलेलं. लोक रांगेत उभे होते, त्यांच्यासमोरच ती म्हणाली —

"भाऊसाहेब, घावला! बिरू घावला! व्हय म्हनला!"

टाक माझ्या हातातून सुटला नाही. हे मला आठवतं, कारण मी तो घट्ट धरला होता, अंगठा आत दुमडून.

अर्ध्या कोसावर तळ पडला होता. तिथे एक बिरू होता, चाळिशी उलटलेला. तिने डबी उघडली, सगळं सांगितलं. तो बराच वेळ तिच्याकडे बघत राहिला आणि म्हणाला, व्हय बाई, बघितलं. पाणी हललं नव्हतं. मग तिने तो प्रश्न विचारला. तो म्हणाला, तुझ्याकडंच बघत हुता.

"माझ्याकडं, भाऊसाहेब," ती म्हणाली. रांगेतल्या बायका डोळे पुसायला लागल्या.

उमाजी माझ्याकडे बघत होता. चार वर्षांपूर्वी विचारलेलं तो पुन्हा विचारत होता, फक्त या वेळी न बोलता. मी माझ्या टेबलावर बसून, माझ्या पॅडवर, माझ्या अंगठ्याने जो माणूस केला, तो अर्ध्या कोसावर मेंढरं राखत होता आणि हो म्हणाला होता. हे जगात मला एकट्यालाच ठाऊक होतं. एक वाक्य बोललो असतो तर ती कोसळली असती, सगळ्यांदेखत — आणि मिरजगावला गेली असती.

मी म्हणालो, "बरं झालं."

त्याच दिवशी उमाजीने मिरजगावला नकार कळवला.

तळ आणखी दोन दिवस तिथे होता. मी तिथे जायला हवं होतं. जाऊन त्या माणसाला विचारायला हवं होतं — तू खरंच पाहिलंस, की या बाईचं तोंड बघवेना म्हणून हो म्हणालास? तो दुसरं म्हणाला असता तर सारजाकडे जाऊन सगळं कबूल करण्यावाचून मला गत्यंतर नव्हतं. आणि पहिलं म्हणाला असता तर? मग नऊ वर्षं मास्तरांनी जिची वाट पाहिली ती उसवण हीच — मी कागदावर रचलेला माणूस खरा निघाला. तिचे साक्षीदार दोन, तो आणि मी. आणि ती नोंदवायची तर माझा खोटा कागद आधी पुढे ठेवायला हवा. म्हणजे दोन्हीकडून बोलायचंच होतं. मी गेलो नाही. पहिल्या दिवशी कार्डं तपासली. दुसऱ्या दिवशी कचेरीतली कपाटं झाडून घेतली. तिसऱ्या दिवशी तळ उठला.

मिरजगावच्या त्या माणसाने पुढच्या माघात लग्न केलं. सारजा भावाकडेच आहे. आता ती बिरूला शोधत नाही. त्याची गरज राहिली नाही. रोज सकाळी घाटावरची ती फरशी धुऊन कोरडी करून ठेवते, असं उमाजी सांगतो. पाऊल उमटलं तर दिसावं म्हणून.

माझ्या रोजच्या यादीच्या तळाशी एक आडवी रेघ असते. शब्द नाही, नुसती रेघ. ती मी रोज पुढच्या दिवशी उतरवतो. बायकोने एकदा विचारलं, ही कसली. मी म्हणालो, राहिलेलं काम.

हे लिहिलं म्हणून ती रेघ खोडता येत नाही. तुम्ही हे वाचाल. सारजाला वाचता येत नाही. तिच्याकडे कसलाही कागद आला तर ती माझ्याकडेच येते, समोर बसते, आणि मी वाचून दाखवतो त्यावर तिचा विश्वास असतो. गेल्या आठवड्यातही आली होती. नक्कल घडीवर फाटत चालली आहे, दुसरी करून द्याल का म्हणाली. मी करून दिली. अंगठ्याच्या जागी 'बिरू धनगर याचा डावा अंगठा' असं लिहिलं. शेवटी माझी सही केली.

उद्याची यादी करून ठेवली आहे. रॉकेल, छत्रीची काडी, कचेरीतलं एक उत्तर. खाली रेघ.